सर्पदंशानंतरचे दीर्घकालीन त्रास आणि त्यांचे वैद्यकीय कोड: रुग्णांनी काय जाणून घ्यावे?

चाळिशीतल्या एक ताई ओपीडीत आल्या होत्या. (ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदलले आहेत.) तक्रार एकच: "डॉक्टर, अंगात त्राणच नाही." दोन-तीन वर्षे त्या रक्तवाढीच्या गोळ्या आणि टॉनिक घेत होत्या. पाळी बंद झाली होती, ती लवकर गेली असे समजून त्यांनी सोडून दिले होते. रक्तदाब कमी, त्वचा कोरडी, थंडी सहन होत नव्हती, काखेतले केस गळून गेले होते. सगळे ऐकून झाल्यावर मी विचारले, "पूर्वी कधी साप चावला होता का?" त्या आणि त्यांचे यजमान एकमेकांकडे बघायला लागले. पाच वर्षांपूर्वी सोयाबीन काढताना घोणस चावली होती. लघवी बंद झाली, चार वेळा डायलिसिस झाले, मग त्या बऱ्या होऊन घरी आल्या होत्या. आजच्या थकव्याचा त्या सापाशी काही संबंध असेल, असे कुणाच्या मनातही आले नव्हते.

यजमानांनी दुसऱ्या दिवशी जुने डिस्चार्ज कार्ड शोधून आणले. त्यावर लिहिले होते: "अज्ञात दंश. किडनीला सूज. प्रकृती सुधारल्याने घरी सोडले." कार्डावर साप हा शब्द कुठेही नव्हता.

हा लेख त्या न लिहिलेल्या शब्दाबद्दल आहे. साप चावल्यानंतर जीव वाचला की आपण सुटकेचा निःश्वास टाकतो, पण काही रुग्णांत त्रास महिन्यांनी किंवा वर्षांनी डोके वर काढतो. तेव्हा निदान, विमा, सरकारी मदत आणि अपंगत्वाचा दाखला हे सगळे जुन्या कागदांवर आणि त्यांवरून दिलेल्या वैद्यकीय कोडवर अवलंबून असते.

वैद्यकीय कोड म्हणजे काय?

प्रत्येक आजाराला, इजेला आणि अपघाताच्या प्रकाराला जागतिक आरोग्य संघटनेने एक सांकेतिक क्रमांक दिला आहे. या यादीला 'आयसीडी' म्हणजे रोगांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण म्हणतात. भारतातल्या रुग्णालयांत प्रामुख्याने तिची दहावी आवृत्ती वापरली जाते. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असली, तरी ती सगळीकडे रुळायला वेळ लागतो आहे.

कोड देण्याचे काम बहुतेक वेळा तुमचे डॉक्टर करत नाहीत. रुग्ण घरी गेल्यावर केसपेपर रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात जातो. तिथले कर्मचारी डॉक्टरांनी लिहिलेले निदान वाचून कोड टाकतात. त्यांनी रुग्णाला पाहिलेले नसते. कागदावर जे असेल त्याचाच कोड होतो, आणि जे लिहिलेले नाही ते त्यांच्या लेखी घडलेलेच नसते.

साप चावल्यावर, दाखल असताना कोणते कोड लागतात?

साधारणपणे तीन प्रश्नांची उत्तरे तीन कोड देतात.

१. काय झाले? सापाच्या विषाची बाधा: टी ६३.०

२. कसे झाले? विषारी सापाशी अपघाताने संपर्क: एक्स २०. याच्यापुढे ठिकाणाचा आकडा जोडता येतो. घरात चावला तर एक्स २०.०, शेतात चावला तर एक्स २०.७.

३. त्यातून शरीरात काय बिघडले? उदाहरणार्थ, किडनी अचानक बंद पडली तर एन १७.

आता 'अज्ञात दंश' लिहिले तर काय होते ते पाहा. टी ६३.० च्या जागी टी ६३.९ येतो, म्हणजे 'कुठला तरी विषारी प्राणी'. एक्स २० च्या जागी एक्स २९ येतो, म्हणजे 'कुठला तरी विषारी प्राणी किंवा वनस्पती'. साप, विंचू, गांधीलमाशी सगळे एकाच पोत्यात जातात.

हे नेहमी निष्काळजीपणामुळेच होते असे नाही. मण्यार बहुधा रात्री, जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावते. दुखत नाही, सूज येत नाही, दाताच्या खुणाही दिसत नाहीत. पहाटे पोटात दुखते, पापण्या जड होतात, तोपर्यंत साप निघून गेलेला असतो. अशा वेळी डॉक्टर सुरुवातीला 'अज्ञात दंश' लिहितात ते प्रामाणिकपणे लिहितात. पण नंतर पापण्या मिटल्या, श्वास मंदावला, प्रतिविष द्यावे लागले, की निदान बदललेले असते. रक्त न गोठल्यामुळे प्रतिविष दिले असेल तेव्हाही हेच लागू पडते. घरी सोडताना कार्डावर बदललेले निदान यायला हवे. सापाची जात कळली नसली, तरी 'सर्पदंश, जात अज्ञात' असे लिहिता येते. टी ६३.० या कोडला जातीची गरज नाही.

बरे झाल्यानंतर कोणते त्रास राहू शकतात?

विषारी साप चावलेल्या प्रत्येकाला पुढे त्रास होतोच असे नाही. बरेच रुग्ण पूर्ण बरे होतात. पण खालील गोष्टी माहीत असाव्यात.

जखम, हात आणि पाय. नाग, घोणस आणि फुरसे यांच्या विषाने चावलेल्या जागेचे मांस कुजू शकते. नंतर व्रण आखडतो, सांधा वाकडा राहतो, बोट किंवा पाय काढावा लागतो. व्रणासाठी एल ९०.५, आखडलेल्या सांध्यासाठी एम २४.५, काढलेल्या अवयवासाठी झेड ८९ हे कोड आहेत. घट्ट आवळपट्टी बांधल्याने किंवा जखमेवर ब्लेड मारल्याने हे नुकसान वाढते. जुन्या व्रणावर वर्षानुवर्षे न भरणारी जखम असेल तर तिचा तुकडा तपासून घ्यावा, कारण क्वचित तिथे कर्करोग होतो.

किडनी. घोणशीच्या विषाने किडनी अचानक बंद पडू शकते. बहुतेकांची पुन्हा सुरू होते, पण काहींची पूर्णपणे सावरत नाही. बिघाड तीन महिन्यांपेक्षा जास्त टिकला, तर त्याला दीर्घकालीन किडनीविकार म्हणतात आणि कोड एन १७ वरून एन १८ वर जातो. सुरुवातीला काहीच जाणवत नाही. म्हणून क्रिएटिनिन, लघवीतले प्रोटीन आणि रक्तदाब या तपासण्या बरे वाटत असतानाही करायच्या असतात.

पिट्यूटरी ग्रंथी. मेंदूच्या तळाशी वाटाण्याएवढी ही ग्रंथी असते. थायरॉइड, पाळी, पुरुष संप्रेरक आणि शरीराला ताण सोसायला लागणारे कॉर्टिसोल या सगळ्यांवर तिचा ताबा असतो. घोणशीच्या विषबाधेत तिचा रक्तपुरवठा बंद होऊन ती निकामी होऊ शकते. म्यानमार आणि दक्षिण भारतातून असे रुग्ण नोंदले गेले आहेत. लक्षणे कधी आठवड्यांत, तर कधी अनेक वर्षांनी दिसतात: न संपणारा थकवा, पाळी बंद होणे, पुरुषांत दाढी विरळ होणे आणि इच्छा कमी होणे, रक्तदाब आणि रक्तातले सोडियम कमी होणे. याचा कोड ई २३.०. वर सांगितलेल्या ताईंना हेच झाले होते.

इथे एक धोका सांगायलाच हवा. अशा रुग्णाचे 'टीएसएच' अनेकदा नॉर्मल येते, त्यामुळे थायरॉइड ठीक आहे असे वाटते. टी-४ आणि सकाळचे कॉर्टिसोल सोबत तपासावे लागते. आणि कॉर्टिसोल कमी असताना आधी थायरॉइडची गोळी सुरू केली, तर रुग्ण अत्यवस्थ होऊ शकतो. आधी स्टेरॉइडची भरपाई, मग थायरॉइडची गोळी, हा क्रम पाळावा लागतो. म्हणूनच 'पूर्वी साप चावला होता' हे वाक्य डॉक्टरांना सांगणे महत्त्वाचे आहे.

मेंदू. मण्यार किंवा नाग चावून श्वास थांबला आणि कृत्रिम श्वास मिळायला उशीर झाला, तर मेंदूला प्राणवायू न मिळाल्याने कायमचे नुकसान होऊ शकते (जी ९३.१). घोणस किंवा फुरसे यांच्या विषाने मेंदूत रक्तस्राव किंवा रक्ताची गाठ होऊन पक्षाघात झाला असेल, तर नंतर राहिलेल्या अशक्तपणासाठी आय ६९ हा गट आहे.

मन. रात्री दचकून उठणे, गवतातून चालता न येणे, शेतात जायची भीती, उदासी. घरचे म्हणतात, "एवढे काय घाबरायचे, आता बरा झालास ना!" पण आघातानंतरचा मानसिक विकार हा खरा आजार आहे. त्याचा कोड एफ ४३.१ आहे आणि त्यावर उपचारही आहेत.

वर्षांनंतर कोड का बदलतो?

सापाचे विष शरीरात वर्षानुवर्षे राहत नाही. राहते ते विषाने केलेले नुकसान. म्हणून दोन वर्षांनी तुम्ही किडनीच्या त्रासासाठी आलात, तर टी ६३.० पुन्हा लावत नाहीत. तेव्हा अशी रचना असते:

- आधी आजचा आजार: उदा. एन १८
- मग तो कशाचा परिणाम आहे: टी ९७, म्हणजे 'विषारी पदार्थांच्या बाधेचे उशिराचे परिणाम'
- आणि मूळ घटना कोणती: वाय ८६, म्हणजे 'इतर अपघातांचे उशिराचे परिणाम'

डॉक्टरांनी 'हा पूर्वीच्या सर्पदंशाचा परिणाम आहे' असे स्पष्ट लिहिले असेल, किंवा मूळ इजेनंतर एक वर्ष किंवा जास्त काळ त्रास टिकून असेल, तर हे कोड लागतात.

यात एक उणीव आहे. टी ९७ या एकाच कोडमध्ये सापाचे विष, कीटकनाशक, विषारी वायू, दारूची विषबाधा, सगळ्यांचे उशिराचे परिणाम येतात. वाय ८६ मध्ये झाडावरून पडणे, बुडणे, भाजणे आणि साप चावणे एकत्र असतात. म्हणजे नियमाप्रमाणे अगदी बरोबर कोड लावला, तरी त्या आकड्यांतून साप दिसत नाही. तो दिसतो फक्त डॉक्टरांनी लिहिलेल्या शब्दांत. म्हणून कागदावर कोड आहे की नाही यापेक्षा 'सर्पदंशाचा परिणाम' हे शब्द आहेत की नाहीत, हे आधी पाहा.

इंटरनेटवर 'टी ६३.००१एस' असा कोड दिसतो. तो कोणता?

तो अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या सुधारित यादीतला आहे. त्याची फोड अशी: टी ६३.० म्हणजे सापाचे विष, पुढचा ० म्हणजे सापाची जात नमूद नाही, १ म्हणजे अपघाताने, आणि शेवटचे 'एस' म्हणजे उशिराचा परिणाम. सक्रिय उपचार चालू असताना त्या जागी 'ए' येतो, बरे होण्याच्या काळातल्या तपासण्यांना 'डी'. नागासाठी टी ६३.०४१एस, तर घोणस, मण्यार, फुरसे यांना 'आफ्रिका व आशियातील इतर साप' या गटाचा टी ६३.०८१एस लागतो. तिथेही आधी आजच्या आजाराचा कोड आणि मग हा, असाच क्रम असतो, आणि मूळ घटनेला किती वर्षे झाली याची मर्यादा नाही.

तुमचे नातेवाईक अमेरिकेत असतील आणि तिथल्या विम्यासाठी जुना सर्पदंश सांगायचा असेल, तर हे उपयोगी पडेल. इथल्या रुग्णालयाच्या कागदावर हा कोड दिसला नाही म्हणून काळजी करू नका.

पैशांचा आणि मदतीचा प्रश्न

सर्पदंश हा कायद्याच्या आणि विम्याच्या भाषेत अपघात आहे. म्हणून नोंद नीट असेल, तर काही मदत मिळू शकते.

- प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना. बँक खात्यातून वर्षाला २० रुपये कापले जातात ती ही योजना. अपघाती मृत्यू किंवा कायमच्या संपूर्ण अपंगत्वाला २ लाख रुपये, एक हात, एक पाय किंवा एक डोळा कायमचा निकामी झाल्यास १ लाख रुपये. रस्ते अपघातात पोलिसांकडची नोंद लागते, पण सर्पदंशासारख्या घटनेत रुग्णालयाची तत्काळ झालेली नोंद पुरावा म्हणून चालते. याचा अर्थ उलट बाजूनेही घ्या: रुग्णालयाच्या त्या पहिल्या कागदावर 'साप' नसेल, तर दावा अडकू शकतो.

- गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना. महाराष्ट्रातील शेतकरी कुटुंबांसाठी असलेल्या या योजनेत सर्पदंशाचा समावेश आहे. मृत्यू किंवा दोन अवयव निकामी झाल्यास २ लाख, एक अवयव निकामी झाल्यास १ लाख रुपये. अर्जाची चौकशी तालुका कृषी अधिकारी कार्यालयात लवकरात लवकर करा.

- दिव्यांगत्वाचा दाखला. पाय काढला असेल, सांधा आखडला असेल किंवा पक्षाघाताचा अशक्तपणा राहिला असेल, तर २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यानुसार तपासणी करून दाखला मिळतो. किमान ४० टक्के दिव्यांगत्व असेल तर अनेक सवलती लागू होतात.

- महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना. या योजनेत डायलिसिससारखे उपचार मिळतात. तिथले पॅकेज कोड वेगळे असतात, त्यांची आयसीडी कोडशी गल्लत करू नका.

घरी सोडताना हे कागद तपासा

डिस्चार्ज कार्ड हातात आले की घाई न करता वाचा, किंवा वाचता येणाऱ्याकडून वाचून घ्या. त्यावर पुढील गोष्टी आहेत का?

१. 'सर्पदंश' हा शब्द, आणि माहीत असल्यास सापाची जात
२. चावल्याची तारीख, वेळ, शरीराचा भाग आणि ठिकाण (घर, शेत, रस्ता)
३. रक्त गोठण्याच्या चाचणीचा निकाल
४. सर्पविषावरील प्रतिविषाच्या किती बाटल्या दिल्या, आणि त्याची रिॲक्शन आली होती का
५. डायलिसिस किंवा कृत्रिम श्वास दिला असल्यास किती वेळा, किती दिवस
६. घरी जाताना क्रिएटिनिन किती होते
७. पुन्हा कधी यायचे

काही चुकले किंवा राहिले असेल, तर त्याच वेळी डॉक्टरांना नम्रपणे सांगा. "डॉक्टर, साप घरच्यांनी पाहिला होता, कार्डावर लिहाल का?" एवढे पुरते. सापाचा फोटो असेल तर दाखवा. पण फोटोसाठी सापाच्या मागे जाऊ नका, आणि मारलेला सापही हातात घेऊन येऊ नका.

हे सगळे लगेच करण्याचे आणखी एक कारण आहे. डॉक्टरांसाठी असलेल्या २००२ च्या नियमांनुसार दाखल रुग्णाचे कागद उपचार सुरू झाल्यापासून ३ वर्षे जपून ठेवायचे असतात, आणि रुग्णाने मागितल्यास ७२ तासांत द्यायचे असतात. वरच्या ताईंचा आजार पाच वर्षांनी उघड झाला. तोपर्यंत रुग्णालयाकडे कागद असतीलच असे नाही. म्हणून केसपेपरची प्रत वेळेत मागून घ्या, मोबाइलवर फोटो काढा आणि मूळ कागद रेशनकार्डासोबत जपून ठेवा. पावसाळ्यात भिजू देऊ नका.

काही नेहमीचे प्रश्न

*जुने कागद हरवले. आता काय?*
आजचे डॉक्टर तुमचा इतिहास विचारून, व्रण पाहून आणि तपासण्या करून 'पूर्वीच्या सर्पदंशाचा परिणाम' असे निदान लिहू शकतात. सोबत जुनी औषधांची बिले, रुग्णवाहिकेची नोंद किंवा डायलिसिसची फाइल असेल तर आणा. विम्याच्या दाव्याला मात्र मूळ नोंदच लागते.

*माझा आजार सापामुळेच झाला, असे लिहून द्या, म्हटले तर डॉक्टर देतील का?*
वैद्यकीय दृष्ट्या पटले तरच. मधुमेह आणि रक्तदाबामुळेही किडनी खराब होते. दोन्ही कारणे असतील तर दोन्ही लिहिली जातील. फायद्यासाठी खोटी नोंद करायला सांगू नका. उद्या उपचार त्याच नोंदीवरून होणार आहेत.

*प्रतिविष घेतल्यावर आठ-दहा दिवसांनी ताप, सांधेदुखी आणि अंगावर पुरळ आले. हा सापाचा परिणाम का?*
बहुधा नाही. ही प्रतिविषाची उशिराची रिॲक्शन असते, तिचा कोड वेगळा (टी ८०.६) आहे आणि ती उपचारांनी बरी होते. डॉक्टरांना दाखवा, पण या भीतीने पुढच्या वेळी प्रतिविष नाकारू नका.

*साप चावलेला माणूस पुढे किडनीविकाराने गेला. दाखल्यावर काय लिहायचे?*
मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्रावर (नमुना ४) कारणांची साखळी लिहायची असते. 'किडनी निकामी, कारण: पूर्वीचा सर्पदंश' असे असेल तर मूळ कारण अपघात ठरते. फक्त 'किडनी निकामी' लिहिले तर ती साखळी तिथेच तुटते.

डॉक्टरांना लगेच कधी भेटावे?

पूर्वी विषारी साप चावला असेल आणि आता चेहऱ्यावर किंवा पायावर सूज, फेसाळ किंवा कमी लघवी, वाढलेला रक्तदाब, कारण न सापडणारा थकवा, पाळी बंद होणे, चक्कर, उलट्या होऊन गळून जाणे, न भरणारी जखम किंवा सतत भीती-उदासी यांपैकी काही असेल, तर वाट पाहू नका.

देशात सर्पदंशाने दरवर्षी सुमारे ५८ हजार मृत्यू होतात असा अंदाज २००० ते २०१९ या काळाच्या अभ्यासातून पुढे आला. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते जगभरात सर्पदंशाने जितके लोक मरतात, त्याच्या सुमारे तिप्पट लोकांना अवयव गमवावे लागतात किंवा इतर कायमचे अपंगत्व येते. केंद्र सरकारने मार्च २०२४ मध्ये सर्पदंशाबाबत राष्ट्रीय कृती आराखडा आणला आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये राज्यांना सर्पदंश हा कळवणे बंधनकारक असलेला आजार करण्यास सांगितले. नोंदी सुधारतील अशी आशा आहे. पण जगलेल्यांचे त्रास मोजले जायचे असतील, तर सुरुवात एका डिस्चार्ज कार्डापासूनच होते.

त्या ताईंना आता रोज सकाळी स्टेरॉइडची छोटी गोळी आणि नंतर सुरू केलेली थायरॉइडची गोळी चालू आहे. त्या पुन्हा शेतात जातात, पायात गमबूट घालून. त्यांच्या नव्या फाइलच्या पहिल्या पानावर लिहिले आहे: 'घोणस चावल्यानंतर पिट्यूटरी निकामी. आजारपणात स्टेरॉइड बंद करू नये.' पुढच्या कुठल्याही डॉक्टरला हे एक वाक्य पुरेसे आहे.

*ही माहिती सर्वसाधारण मार्गदर्शनासाठी आहे. तुमच्या तपासण्या आणि औषधे तुमच्या डॉक्टरांच्या सल्ल्यानेच ठरवा. साप चावल्यास मांत्रिकाकडे वेळ न घालवता १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका बोलवा आणि प्रतिविष उपलब्ध असलेल्या जवळच्या रुग्णालयात जा.*